अर्ध्यावरचं गाऱ्हाणं

बापूंचं गाऱ्हाणं अर्ध्यावर तुटलं त्याला वर्ष होत आलं होतं, आणि ते रोज मनातल्या मनात पुरं करण्याचा नाद काही संपदाला सुटत नव्हता.

बापू म्हणजे तिचे सासरे. मालवणच्या बाजूच्या एका गावात सारी नोकरी पोस्टात काढलेला माणूस. बायको, म्हणजे सगुणाआई, गेल्यावर मुलाने, नीलेशने, त्यांना अबूधाबीला आणलं आणि अल रीम आयलंडवरच्या एका उंच मजल्यावर ठेवून दिलं. ठेवून दिलं असंच म्हणायला हवं, कारण आणण्यापलीकडे नीलेशला वेळ होता कुठे? त्याचं वर्कशॉप शारजातल्या हमरिया फ्री झोनमध्ये. प्रदर्शनांसाठी काचेच्या पेट्या, लाकडी भिंती, दिव्यांच्या खोल्या बनवायचा त्याचा धंदा. सकाळी तो शारजाच्या वाटेला लागला की घरात उरायचे बापू, संपदा आणि नातीची, दियाची, शाळेची बस येईपर्यंतची शांतता.

उन्हाळ्यात त्या खिडकीतून समुद्र दिसत नसे, आकाशही दिसत नसे. दोन्ही मिळून एकच पांढरं काहीतरी व्हायचं आणि समोरचे टॉवर त्यात कंबरेपर्यंत बुडालेले असायचे. बापू त्या पांढऱ्याकडे तोंड करून तासन्‌तास बसत. मालवण नेमकं कुठल्या बाजूला ते त्यांनी आल्या आठवड्यातच नीलेशला विचारून घेतलं होतं, आणि खुर्ची तशी फिरवून घेतली होती. संध्याकाळी मात्र ते दियाला हाक मारत, "चल गो, माझ्या वांगडा खाली येतंस?" आणि दिया फोनवरची नजर न काढता म्हणायची, "कमिंग, आजोबा."

वांगडा म्हणजे बरोबर, सोबतीने. संपदा सोलापूरची, तिला मालवणी यायचं ते लग्नानंतर कानावर पडलेलं. त्यातला हा पहिला शब्द. नव्या नवरीला परसातली केळ दाखवायला नेताना सगुणाआई म्हणाल्या होत्या, "माझ्या वांगडा ये." तो शब्द संपदाला तेव्हापासून आवडून गेला होता. का, ते तिने कुणाला सांगितलं नव्हतं. तिचे आईवडील लवकर गेलेले, काकांच्या घरी वाढलेली मुलगी ती. तिला 'तिकडे जा' म्हणणारे पुष्कळ भेटले होते, 'माझ्याबरोबर ये' म्हणणारं फारसं कुणी नव्हतं.

आता गाऱ्हाण्याचं सांगायला हवं. कोकणात देवापुढे गाऱ्हाणं घालतात. घरातला जाणता माणूस उभा राहतो आणि थोरल्या भावाशी बोलावं तसं देवाशी बोलतो. एकेकाचं नाव घेतो, त्याच्यासाठी काय हवं ते मागतो, आणि प्रत्येक मागणीनंतर जमलेले सगळे एका आवाजात म्हणतात, "व्हय म्हाराजा." बापूंचं गाऱ्हाणं अबूधाबीत नावाजलेलं. रीमवरच्या त्यांच्या दीड दिवसाच्या गणपतीला मुसफ्फाच्या लेबर कॅम्पवरची, साइटवर काम करणारी पोरं खास तेवढ्यासाठी टॅक्सी करून येत. 'व्हय म्हाराजा' पोचट झालं की बापू हात वर करून, कानामागे तळवा धरून म्हणत, "देवाक आयकाक नको? मोठ्यान." मग पोरं अशी गरजत की खालच्या मजल्यावरची लेबनीज बाई सिक्युरिटीला फोन करायची.

गेल्या वर्षी बापूंनी असंच सुरू केलं. "बा देवा म्हाराजा, आज तुझी लेकरां तुझ्या पायाशी जमलेली हत." व्हय म्हाराजा. नीलेशच्या धंद्यात बरकत मागितली. दियाला विद्या मागितली. कॅम्पवरच्या पोरांना सुखरूप घरी पोचवायला सांगितलं, तेव्हा तर आवाज छताला लागला. मग बापू वळले, त्यांनी संपदाकडे एकदा पाहिलं आणि पुन्हा देवाकडे तोंड करून म्हणाले, "आणि आमची सून संपदा, हिका…"

तिथेच जीभ थांबली. सगळ्यांची तोंडं 'व्हय म्हाराजा'साठी उघडी, आणि मागणीच येईना. मग मखराला धरलेला त्यांचा हात खाली सरकत गेला.

त्यानंतरची ॲम्ब्युलन्स, हॉस्पिटल, मेंदूतली गुठळी, हे सगळ्यांना आठवत होतं. ते अर्धं वाक्य कुणालाच आठवत नव्हतं. संपदाच्या मात्र ते डोक्यात घर करून बसलं. त्याला कारण होतं. त्या गणपतीच्या पंधरा दिवस आधी बापू म्हणाले होते, मला गावी जायचंय, घर उघडायचंय. नीलेश तिकीट काढायला तयारही झाला होता. नाही म्हणाली ती संपदा. "एकटे कसे राहणार तिथे? रात्री काही झालं तर? मी नाही पाठवणार." बापूंनी ऐकलं. वाद घातला नाही. त्यांनी खुर्ची जरा खिडकीच्या आणखी जवळ ओढली आणि पंधरा दिवस तिच्याशी कामापुरतं बोलले. आणि मग थेट देवापुढे: आमची सून संपदा, हिका.

हिला काय? हिला बुद्धी दे? हिच्या तावडीतून मला सोडव? की बाकीच्यांना मागितलं तसंच काही बरं मागणार होते? देवापुढे आणि चारचौघांसमोर आपलं नाव कशासाठी काढलं गेलं होतं, हे तिला हवं होतं. तिला ते इतकं हवं होतं की आंघोळ करताना, गाडी चालवताना, कांदा चिरताना ती ते वाक्य वेगवेगळ्या तऱ्हेने पुरं करून बघायची, आणि एकही तऱ्हा तिला पटत नसे.

विचारायची सोय नव्हती. बापू चालायला लागले, जेवायला लागले, पण शब्द गेले. एखादा यायचा आणि पुढचा दाराशीच अडायचा. "माका…" म्हणून ते थांबले की संपदा चटकन विचारी, "पाणी? चहा? एसी कमी करू?" तिसऱ्या-चौथ्या अंदाजाला बापू होकाराची मान हलवत. तिला आपल्या या हुशारीचं कौतुकही होतं. त्यांना वेळ द्या, वाक्य तुम्ही पुरं करू नका, असं थेरपिस्ट म्हणाली होती खरी, पण वेळ देणं म्हणजे बापूंच्या चेहऱ्यावरची ती धडपड बघत बसणं. ते तिच्याच्याने होत नसे.

"या वर्षी गाऱ्हाणं शारजाचे रामेश्वरकाका घालतील," नीलेश एकदा जेवताना म्हणाला. "मी कन्फर्म केलंय. बापूंना उगाच एम्बॅरस नको करायला."

"आणि गेल्या वर्षीचं? ते अर्धं राहिलंय."

"कुठलं अर्धं?" नीलेशला खरोखरच कळलं नाही. बापू ताटातल्या भाताकडे बघत होते.

याच दिवसांत नीलेशच्या वर्कशॉपला एक काम मिळालं. अबूधाबीतल्या कुणा हौशी संग्राहकाचं खासगी प्रदर्शन. त्यात सगळ्यात जुना ऐवज म्हणजे पपायरसचा, लव्हाळ्यापासून केलेल्या प्राचीन कागदाचा, एक तुकडा. तळहाताएवढा, चहा सांडून वाळल्यासारख्या रंगाचा, कडा खाल्लेल्या आणि मध्येही भोकं. त्यावर बारीक ग्रीक अक्षरांत एका भाषणाचा भाग होता. भाषण अथेन्सच्या कोर्टातलं. तिकडे म्हणे वकील उभा राहत नसे. ज्याचं भांडण त्यानेच शेकडो पंचांसमोर उभं राहून बोलायचं, फार तर कुणाकडून लिहून घेऊन पाठ करायचं. हा बोलणारा कोण, त्याचं नाव काय, तो जिंकला की हरला, काही ठाऊक नाही. इजिप्तच्या वाळूत कुणाच्या तरी कचऱ्यात तेवढा तुकडा राहिला आणि बाकीचा माणूस गेला.

तुकड्याच्या शेजारी एक छोटी काळी खोली करायची होती. आत एक बाक, पुढे पडदा. ग्रीसमधल्या एका नटाने ते भाषण मूळ भाषेत म्हटलेलं, ते आत ऐकू येणार आणि भिंतीवर अर्थ उमटत जाणार. आवाज आणि अक्षरं जुळवायचं काम संपदाकडे होतं. धंद्यातलं हे कॉम्प्युटरचं काम तीच घरून करी, आणि दरवर्षी गणपतीचे व्हिडिओही तीच कापून-जोडून मंडळाच्या ग्रुपवर टाकी.

फाइल आली. तिने उघडली तर आवाज थोडा वेळ चाले आणि मग कितीतरी वेळ काहीच नाही. परत दोन शब्द, परत काही नाही. गणपतीच्या व्हिडिओत अशी रिकामी जागा आली की ती उडवून टाकायची, हे तिच्या हाताला इतकं सवयीचं झालेलं की तिने दुसरा विचार केला नाही. सगळे रिकामे तुकडे काढले, आवाजाला आवाज जोडला. भाषण कसं सुरेख, ओघवतं झालं. निम्म्याहूनही छोटं. तिने ते समाधानाने पाठवून दिलं.

दुसऱ्या दिवशी प्रदर्शनाच्या हॉलचं तांत्रिक काम बघणाऱ्या वासिफचा फोन आला. हैदराबादचा माणूस, बोलणं हळू आणि गोड.

"मॅडम, बाकी का आदमी कहाँ गया?"

"कौन आदमी?"

"जो चुप था. आपने उसको काट दिया." तो हसत होता. "काग़ज़ में जहाँ छेद है ना, वहाँ आवाज़ नहीं है. जितना बड़ा छेद, उतनी लंबी चुप्पी. नाप के रखी है उन लोगों ने. उसको वापस डाल दीजिए, प्लीज़."

संपदाला तोंडात मारल्यासारखं झालं. तिने सॉरी म्हटलं, तो म्हणाला, खलास, कुछ नहीं हुआ. ती मूळ फाइल घेऊन पुन्हा बसली, आणि आता हेडफोन लावून, काही न कापता ऐकू लागली.

"न्याय करणाऱ्यांनो, मला बोलायची सवय नाही." भिंतीवर इंग्रजीत जे उमटणार होतं, त्याचा अर्थ असा. "माझ्या बापाने मरताना…" मग भोक. इतकं लांब की संपदाने दोनदा आवाज वाढवून पाहिला. त्या शांततेत नटाचा श्वासही नव्हता. "…कुंपणाच्या अलीकडची अंजिरं…" पुन्हा भोक. "…त्यालाही विचारा, तो इथेच बसला आहे…" आणि शेवटी, "तुम्ही म्हणाल, मग इतके दिवस तू गप्प का राहिलास. त्याचं कारण असं, की". इथे कागद संपत होता. त्यानंतरची शांतता सगळ्यात मोठी होती. ती संपली की माणूस पुन्हा पहिल्यापासून सुरू करी.

ती किती वेळ ऐकत बसली, तिचं तिलाच कळलं नाही. खिडकीबाहेर सगळं पांढरं होतं आणि बापू नेहमीसारखे त्या पांढऱ्याकडे बघत होते. मधल्या शांततेत तिला उगाच वाटत राहिलं की हा माणूस बोलायचा थांबलेला नाही. तो आत कुठेतरी बोलतोच आहे, फक्त इथवर पोचत नाही. तिला खिडकीपाशी खुर्चीत बसलेल्या आपल्या माणसाकडे बघायची एकदम भीती वाटली.

उद्घाटनाच्या आदल्या दुपारी तिला हॉलवर जाऊन सगळं एकदा तपासायचं होतं. बापूंना सांभाळायला येणाऱ्या तानुबाईंनी नेमकी त्याच दिवशी सुट्टी घेतली, दिया शाळेच्या कॅम्पला, नीलेश हमरियात. तेव्हा संपदाने बापूंना गाडीत बसवलं आणि बरोबर नेलं. वाटेत दमट हवेने काचा पुन्हापुन्हा धुरकट होत होत्या. वायपर फिरला की पूल दिसायचा, नाहीसा व्हायचा.

"अंकल को अंदर बिठा दीजिए, ठंडा है," वासिफ म्हणाला. तो बाहेर केबल गुंडाळत बसला. संपदाने आधी बापूंना पेटीतला तुकडा दाखवला. ते काचेवर वाकले. पोस्टातला माणूस, फाटक्या कागदाकडे बघायची त्यांची एक वेगळीच नजर होती. बराच वेळ बघून त्यांनी हाताने विचारलं, बाकीचा?

"नाहीये, बापू. एवढाच राहिलाय."

ते चुकचुकले. मग ती त्यांना काळ्या खोलीत घेऊन गेली, बाकावर शेजारी बसली आणि पडदा सोडला.

अंधारात तो आवाज आला. परकी भाषा, पण सूर ओळखीचा होता. चारचौघांसमोर उभा राहून आपलं म्हणणं मांडणाऱ्या माणसाचा. आधी जरा दबकत, मग हळूहळू वर चढत. बापूंनी कान दिला. भिंतीवरची इंग्रजी अक्षरं त्यांनी पाहिलीसुद्धा नाहीत. आवाज वर चढला आणि तुटला. शांतता पसरली.

"व्हय म्हाराजा," बापू म्हणाले.

संपदाला आधी वाटलं, स्पीकरमधून आलं. मग तिने शेजारी पाहिलं. वर्षभरात बापूंच्या तोंडून न अडखळता आलेले हे पहिले दोन शब्द होते. तो माणूस अंजिरांबद्दल बोलला, तुटला. "व्हय म्हाराजा." आता जरा मोठ्याने. बापू ताठ बसले होते, हात जोडलेले. कुणी मागतोय आणि साक्ष द्यायला कुणी नाही, हे त्यांना बघवण्यासारखं नव्हतं, एवढाच त्याचा अर्थ. इतकी शतकं त्या माणसाची भोकं रिकामी राहिली होती, आणि बापू आपले एकेक भरत चालले होते. त्याचं म्हणणं काय होतं, याच्याशी त्यांना काही घेणंदेणं नव्हतं. मागणाऱ्याला व्हय म्हणायचं असतं.

नीलेशला फोन करावा, रेकॉर्ड करावं, असं पुष्कळ काही संपदाच्या मनात आलं. ती जागची हलली नाही.

शेवटचं वाक्य आलं. त्याचं कारण असं, की. आणि ती मोठी शांतता सुरू झाली.

या वेळी बापूंनी 'व्हय म्हाराजा' म्हटलं नाही. त्यांचा डावा हात काहीतरी धरायला पुढे झाला, बाकाच्या कडेवर थांबला.

"आणि," बापू म्हणाले. मग बऱ्याच वेळाने, "आमची… सून…"

संपदा त्यांच्याकडे वळली.

"संपदा… हिका…"

आणि थांबले. अगदी त्याच जागी. तिच्या जिभेवर सगळे शब्द येऊन उभे राहिले, पाणी-चहा-एसीसारखे. बुद्धी दे. सुखात ठेव. माका सोडूक सांग. एकेक पुढे करायचा, बापू मान हलवतील, आणि वर्षभराचा प्रश्न मिटेल. तिने खालचा ओठ दातांखाली घट्ट धरला. तिला फार भीती वाटत होती. अंधारात बापूंच्या घशाचा आवाज येत होता, शब्द दारापर्यंत येऊन मागे फिरत होता, आणि ती काहीही न करता बसून राहिली. तिने आयुष्यात केलेलं ते सगळ्यात कठीण काम होतं.

भोक जेवढं होतं तेवढं होतं. मग ते संपलं.

"वांगडा," बापू म्हणाले. आणि पुन्हा, नीट, तिच्याकडे वळून: "माझ्या वांगडा… गावाक."

वर्षभर तिने त्या जागी कितीतरी वाक्यं बसवून पाहिली होती. हे तिच्या मनातही आलं नव्हतं. बापूंनी ते पंधरा दिवस राग धरला नव्हता. एकटं पाठवणार नाही म्हणणाऱ्या सुनेला, तूच चल, हे कसं सांगावं, ते त्यांना सुचत नव्हतं. म्हणून त्यांनी देवाला मध्ये घातलं होतं. संपदाला रडू फुटलं. सगुणाआईंच्या मागून परसात जाताना पायाला लागलेली ओली माती तिला आठवली.

बापू तिच्याकडे बघत होते. अजून काहीतरी राहिलंय असं. तिच्या लक्षात यायला वेळ लागला.

"व्हय म्हाराजा," ती पुटपुटली.

बापूंनी हात वर केला, आणि कानामागे तळवा धरला.

"व्हय म्हाराजा!"

पडदा बाजूला झाला. वासिफने आत डोकावून दोघांकडे पाहिलं, आणि काही न विचारता पडदा पुन्हा सोडून दिला. आत त्या माणसाने पहिल्यापासून सुरुवात केली होती, आणि पहिलं भोक आल्यावर ते दोघं एकदमच बोलले.